दोन बिंदूंमधलं अंतर: सूत्र पाठ आहे तरी उत्तर का चुकतंय, आणि मोबाईलच्या पिनांवर ते का चालत नाही

ताई, तुमचे प्रश्न दोन. मुलगी यंदा एसएसएलसीला (म्हणजे आपली दहावी), मराठी मीडियम, अंतराचं सूत्र तोंडपाठ आहे पण बिंदूत कुठं वजा आलं की उत्तर हमखास चुकतंय, हा पहिला. दुसरा म्हणजे तिनं हौसेनं मोबाईलच्या नकाशावर खानापुरातलं तुमचं घर आणि तिची शाळा अशा दोन पिना टाकल्या, त्यांच्या आकड्यांना तेच सूत्र लावलं, उत्तर आलं ०.००९२, आणि आता हे किलोमीटर की मीटर की आणि कायतरी म्हणून ती तुमचं डोकं खातीय, कारण सायकलनं तर शाळा दीड किलोमीटर पडते.

मी मोजणीतला माणूस, दिवसा शेतं आणि प्लॉट, संध्याकाळी दहावीची पोरं, त्यामुळं हे सूत्र मला दोन्हीकडनं भेटतंय. पोरांचं सूत्र चुकत नाही हो, ते कशावर उभं आहे तेवढं कुणी दाखवलेलं नसतंय, पाठ केलं की मोकळे. तुमच्या दोन्ही प्रश्नांचं मूळ तिथंच आहे, म्हणून आधी तेवढं बघू, मग वजा, मग पिना.

बेळगावात कुणालाही प्लॉट केवढा विचारा, बरेचजण म्हणणार तीस-चाळीस. हा प्लॉट आखताना गौंडी काय करतो बघा. तीस फुटाची बाजू टाकली, चाळीसची टाकली, खुंट्या मारल्या, दोरी ताणली, आणि लगेच टेप घेऊन एका कोपऱ्यातनं समोरच्या कोपऱ्यात तिरका धरतो. पन्नास फूट भरलं तर कोपरा गुण्यात (म्हणजे काटकोनात) आहे, नाहीतर खुंटी सरकव. त्याला पायथागोरस कोण ते माहीत असेल नसेल, पण ३०² म्हणजे ९००, ४०² म्हणजे १६००, बेरीज २५००, वर्गमूळ ५०, हे तो रोज टेपवर वाचतोय. अंतराचं सूत्र म्हणजे एवढंच आहे, दुसरं काही नाही. ग्राफवर दोन बिंदू दिले की त्यांच्यामधली तिरकी रेघ हा कर्ण, आडवं किती सरकलो ही एक बाजू, उभं किती सरकलो ही दुसरी बाजू.

मग वजाबाकी कशाला येते? हे मी पोरांना असं दाखवतो. प्लॉटचा एक कोपरा (०, ०) धरला तर समोरचा कोपरा (३०, ४०), अंतर सरळ √(३०² + ४०²) म्हणजे ५०, वजाबाकी लागलीच नाही. आता तोच प्लॉट कागदावर जरा सरकवा, पहिला कोपरा (१२, ७) वर ठेवा, मग समोरचा जाणार (४२, ४७) वर. प्लॉट सरकला म्हणून त्याचा कर्ण बदलला काय? नाही. पण आता ४२ आणि ४७ चे वर्ग करून चालणार नाही कारण त्यातले १२ आणि ७ हे प्लॉटचे नाहीत, प्लॉट ज्या जागेवर नेऊन ठेवला त्या जागेचे आहेत, ते काढून टाकायचे. ४२ − १२ = ३०, ४७ − ७ = ४०, परत ५०. तर सूत्र असं वाचायचं: एक्सचा फरक, त्याचा वर्ग, वायचा फरक, त्याचा वर्ग, दोन्हींची बेरीज, आणि सगळ्यात शेवटी वर्गमूळ. पुस्तकात एक्स-वन एक्स-टू असतंय तेच, फक्त "फरक" हा शब्द डोक्यात ठेवला की चिन्हांची अर्धी भीती जाते.

शेवटी वर्गमूळ, हे परत सांगतो, कारण दरवर्षी चार पोरं तरी √(३०² + ४०²) म्हणजे ३० + ४० = ७० असं लिहून ठेवतात, वर्ग आणि मूळ कटलं म्हणून खूश. कटत नाही. सत्तर फूट हे कंपाउंडच्या कडेकडेनं चालत गेल्यावर, पन्नास हे आतनं तिरकं गेल्यावर. यातनंच एक फुकटची तपासणी मिळते जी मी प्रत्येकाला करायला लावतो: उत्तर नेहमी मोठ्या फरकापेक्षा जास्त आणि दोन्ही फरकांच्या बेरजेपेक्षा कमी यायला पाहिजे (एक फरक शून्य असला तर मात्र उत्तर दुसऱ्या फरकाएवढंच). फरक ३० आणि ४० असतील तर उत्तर ४० ते ७० च्या मध्ये. ३५ आलं, ७५ आलं, की परत वर जाऊन बघ कुठं घसरलीस. दहा सेकंदाचं काम आहे आणि बेरजेतली, चिन्हातली बरीच पापं इथं पकडली जातात.

आणि एक गोष्ट, जी पुस्तकात एका ओळीत संपते आणि पुढं पिनांना लागणार आहे म्हणून इथंच सांगतो. गौंड्यानं बाजू बरोबर ३० आणि ४० टाकल्या पण एक कर्ण साडेपन्नास भरला आणि दुसरा साडेएकोणपन्नास, तर काय? बाजू खऱ्याच आहेत, पण प्लॉट कलंडलाय, कोपरा काटकोनात नाही. आता ३० आणि ४० वरनं ५० काढलं तर ते त्या प्लॉटचं अंतर नव्हेच. म्हणजे हे सूत्र तीन गोष्टी गृहीत धरून चालतंय: दोन्ही अक्ष एकमेकाला काटकोनात, दोन्ही अक्षांवर एकच माप (इकडं फूट तिकडं मीटर असलं काही नाही), आणि खालचा कागद म्हणा, जमीन म्हणा, सपाट. ग्राफ पेपरवर तिन्ही आपोआप असतात म्हणून कुणी बोलत नाही. वहीबाहेर आलं की एकेक सुटायला लागते.

आता वजा. पोरांना वजा म्हणजे कायतरी उधारी वाटते, त्यामुळं (४, −२) दिसलं की त्यांचा जीव वर-खाली. मला मोजणीच्या जुन्या टिप्पणावरनं हे समजवायला सोपं जातं. घरात वडिलोपार्जित जमीन असेल तर सर्व्हे नंबरचं टिप्पण कधीतरी बघितलं असेल तुम्ही, पिवळा कागद, मधनं एक लांब रेघ आणि त्या रेघेपासून दोन्ही बाजूला काटकोनात गेलेल्या छोट्या रेघा, वर आकडे. जुनी मोजणी साखळीनं व्हायची, ३३ फुटाची साखळी, तिचे १६ आणे, म्हणजे एक आणा दोन फुटापेक्षा जरासा जास्त. शेतातनं एक सरळ बेसलाईन टाकायची, तिच्यावरनं साखळी ओढत जायचं, आणि हद्दीचा दगड बरोबर काटकोनात आला की (क्रॉस स्टाफ, म्हणजे काटकोन बघायचं साधन, लावून बघायचं) तिथं थांबून दोन आकडे लिहायचे: बेसलाईनवर किती आलो, आणि तिथनं दगड किती लांब. हेच ते एक्स आणि वाय, ताई. आपल्या आजोबा-पणजोबांच्या शेताचं टिप्पण म्हणजे निर्देशकांची वहीच की ती.

आता समजा एक दगड बेसलाईनवर १ साखळी आल्यावर डाव्या हाताला २ साखळ्या, आणि दुसरा दगड ४ साखळ्या आल्यावर उजव्या हाताला २ साखळ्या. दोन दगडांमध्ये सरळ अंतर किती? डावीकडचं अधिक धरलं तर उजवीकडचं वजा, म्हणजे बिंदू झाले (१, २) आणि (४, −२). एक्सचा फरक ३. वायचा फरक −२ − २ = −४. आणि हे चार साखळ्यांचं अंतर डोळ्यांनी बघा: एका दगडापासून बेसलाईनपर्यंत दोन, बेसलाईन ओलांडून पलीकडं आणखी दोन, चारच की. वर्ग ९ आणि १६, बेरीज २५, अंतर ५ साखळ्या, म्हणजे १६५ फूट. ज्यानं वजा खाल्ला त्याचा वायचा फरक शून्य, आणि उत्तर ३ साखळ्या, म्हणजे ९९ फूट. ६६ फूट बांध गायब! एवढ्यावर आपल्याकडं भावाभावात कोर्ट चालतात.

तर मुलीला सांगा, बिंदू दिसले की आधी सूत्र लिहायच्या अगोदर कोपऱ्यात एक छोटी चिठ्ठीएवढी आकृती काढ, दोन अक्ष, दोन ठिपके, अंदाजेच. ठिपके अक्षाच्या दोन बाजूंना असतील तर आकडे मिळवले जाणार, एकाच बाजूला असतील तर वजा होणार. उदाहरणार्थ (−३, ४) आणि (५, −२). एक डावीकडं वर, एक उजवीकडं खाली, दोन्ही अक्ष ओलांडले, म्हणून आडवं ३ + ५ = ८, उभं ४ + २ = ६, उत्तर १०. मग सूत्रात घालून तेच येतंय का बघायचं: ५ − (−३) = ८, −२ − ४ = −६, ६४ + ३६ = १००. आलं. कंस मात्र लिहायचाच, ५ − −३ असं उघडं टाकलं की हात आपोआप ५ − ३ करून मोकळा होतो, माझ्याकडच्या वह्यांत सगळ्यात जास्त लाल पेन इथंच पडतंय.

दुसरी घसरण वर्गात. फरक −६ आला, वर्ग करताना पोरं −३६ लिहितात. (−६)² म्हणजे −६ गुणिले −६, ३६. वर्ग कधी वजा येत नाही, त्यामुळं मुळाच्या आत दोन वर्गांच्या मध्ये वजा दिसलं तर तिथंच पेन थांबलं पाहिजे. घरी कॅल्क्युलेटरवर तपासत असेल तर सावध करा, सायंटिफिक कॅल्क्युलेटरवर कंस न घालता −६ चा वर्ग मारला तर तो −३६ दाखवतो, कारण तो आधी ६ चा वर्ग करतो आणि मग वजा लावतो, आणि गंमत म्हणजे एक्सेलमध्ये तेच लिहिलं तर ३६ येतं. दोन्ही आपापल्या नियमानं बरोबर, मरण आपलं. कंस घातला की दोन्हीकडं ३६.

आणि एका गोष्टीची भीती मात्र उगाचच घातली जाते. कुठला बिंदू पहिला आणि कुठला दुसरा यानं अंतराला काडीचा फरक पडत नाही. ८ − २ करा नाहीतर २ − ८, वर्ग ३६ च. (हेच पुढं चढ काढताना चालत नाही, तिथं दोन्हीकडं क्रम एकच पाहिजे, म्हणून सर लोक आत्तापासनं शिस्त लावतात, ते बरोबरच आहे.) खरी चूक वेगळी असते, घाईत एकाच बिंदूतला एक्स आणि वाय एकमेकातनं वजा केलेला असतो, (८, ११) मधलं ८ − ११. त्याला उपाय एकच, बिंदूंच्या डोक्यावर एक्स-वन, वाय-वन बारीक लिहून ठेवायचं, आळस करायचा नाही.

पेपरात नुसतं "अंतर काढा" सोपंच, दोन मार्काचं काम. पण तेच सूत्र पोट बदलून येतंय, तेवढी तीन-चार रूपं तिच्या हाताखालनं जाऊ देत. परीक्षेत कॅल्क्युलेटर नसतोय, म्हणून मूळ पूर्ण सुटत नसेल तर तसंच ठेवायचं, (१, २) आणि (५, १०) चं अंतर √८०, त्यातनं १६ बाहेर काढून ४√५, इथं थांबायचं. ८.९४ लिहायची गरज नाही, विचारलं असेल तरच.

एका रूपात एक आकडा लपवलेला असतो: (१, २) आणि (७, के) मध्ये अंतर १० आहे, के काढा. ३६ + (के − २)² = १००, म्हणून (के − २)² = ६४, आणि इथं निम्मी पोरं के − २ = ८, के = १० लिहून पुढं जातात. −८ कोण लिहिणार? के = −६ हे पण उत्तर आहे. आकृती काढली असती तर दिसलं असतं, एक बिंदू वर, एक खाली, दोन्ही दहावरच.

दुसरं, समान अंतरावरचा बिंदू. एक्स अक्षावरचा असा बिंदू काढा जो (१, ४) आणि (७, २) पासून सारख्या अंतरावर आहे. एक्स अक्ष म्हणजे रस्ता धरा, रस्त्यावर एक बोअर मारायची जी दोन्ही घरांना सारखीच लांब पडेल. रस्त्यावरच्या बिंदूचा वाय शून्य, म्हणून तो (एक्स, ०). आता दोन्ही अंतरांची मुळं लिहीत बसायचंच नाही, अंतरं सारखी तर अंतरांचे वर्ग पण सारखे, सरळ वर्गांवर या: (एक्स − १)² + १६ = (एक्स − ७)² + ४. उलगडल्यावर एक्सचा वर्ग दोन्हीकडनं जातो, राहतं −२एक्स + १७ = −१४एक्स + ५३, १२एक्स = ३६, एक्स = ३. बिंदू (३, ०). तपासा: पहिल्याचे फरक २ आणि ४, दुसऱ्याचे ४ आणि २, दोन्हीकडं √२०. सुंदर बसतंय. एक्सचा वर्ग जर गेला नाही तर कुठंतरी चूक आहे, हे पक्कं धरा, या गणितात तो जातोच.

त्रिकोणाचा प्रकार ओळखा म्हटलं तरी हीच युक्ती. (१, १), (४, ५), (८, २) घ्या. बाजूंचे वर्ग: ३ आणि ४ वरनं २५, ४ आणि −३ वरनं २५, ७ आणि १ वरनं ५०. दोन बाजू सारख्या, आणि २५ + २५ = ५०, म्हणजे समद्विभुज काटकोन त्रिकोण. मूळ एकदाही काढलं नाही. याच्या उलट तीन बिंदू एका रेषेत आहेत का विचारलं की मात्र मुळं काढावीच लागतात, कारण तिथं अंतरांची बेरीज करायची आहे, वर्गांची नाही. (१, २), (३, ६), (६, १२): अंतरं √२०, √४५, √१२५, बघून काही कळत नाही, पण २√५, ३√५, ५√५ असं लिहिलं की उघडं पडतं, दोन आणि तीन पाच. दशांशात गेलात तर शेवटचा आकडा एखाद्यानं चुकेल आणि तुम्ही म्हणणार रेषेत नाहीत.

बरं, आता पिना. हा प्रश्न खरं तर माझ्या आवडीचा, आणि तुमच्या लेकीला आपणहून हे करून बघावंसं वाटलं याचं मला कौतुक आहे. मोबाईल जे दोन आकडे दाखवतो ते अक्षांश आणि रेखांश. ते अंशात असतात, मीटरमध्ये नाही. तुम्ही लिहिल्याप्रमाणं तिच्या पिनांत अक्षांशाचा फरक ०.००७१ आणि रेखांशाचा ०.००५९. सूत्रात घालून √ करून ०.००९२ आलं, गणित म्हणून अगदी बरोबर, पण ते ०.००९२ अंश आहेत. आणि ते अंश पण धड एका मापाचे नाहीत. इथं ती दुसरी अट तुटते, दोन्ही अक्षांवर एकच माप.

उत्तर-दक्षिण एक अंश सरकलं तर आपल्या भागात साधारण ११०.६ किलोमीटर होतात. पूर्व-पश्चिम एक अंश मात्र तेवढा नसतो. रेखांशाच्या रेघा विषुववृत्तावर सगळ्यात लांब-लांब, आणि उत्तरेला जाईल तशा जवळ येत ध्रुवावर सगळ्या एकत्र. विषुववृत्तावर एक अंश रेखांश १११.३ किलोमीटर, आणि इतर कुठंही त्याला त्या जागेच्या अक्षांशाच्या कोसाइननं गुणायचं (त्रिकोणमितीचा धडा तिला आहेच, इथं कामाला येतोय बघा). बेळगाव, खानापूर साधारण साडेपंधरा ते सोळा अंशावर, तिथला कोसाइन ०.९६ च्या आसपास, म्हणून आपल्याकडं रेखांशाचा एक अंश १०७ किलोमीटर. दिल्लीत तो ९८ च्या आसपास येतो.

मग तिचं गणित असं: ०.००७१ × ११०.६ किलोमीटर म्हणजे ७८५ मीटर उत्तर-दक्षिण. ०.००५९ × १०७.२ म्हणजे ६३२ मीटर पूर्व-पश्चिम. आता दोन्ही मीटर झाले, आता लावा सूत्र: ७८५² + ६३२², मूळ काढलं की १००८ मीटर, म्हणजे किलोमीटरला जरासं वर. सायकलनं दीड पडतं कारण सायकल गल्लीबोळातनं जाते, सूत्र घरांच्या डोक्यावरनं सरळ. दोन्ही खरं आहे.

कुणी म्हणेल ०.००९२ लाच १११ नं गुणलं तर काय बिघडलं? १०२१ मीटर येतं, तेराएक मीटरचा फरक, चालतंय की. शाळेला चालतंय. पण बेळगाव ते गोकाक घ्या. बेळगाव अंदाजे १५.८५, ७४.५० वर, गोकाक १६.१७, ७४.८३ वर. फरक ०.३२ आणि ०.३३. नीट केलं तर ३५.४ आणि ३५.३ किलोमीटर, मूळ ५० किलोमीटर बरोबर. अंशातच सूत्र लावून १११ नं गुणलं तर ५१. एक किलोमीटर कुठनं आला? रेखांशाला फुकट लांबी दिली तिथनं. आणि रस्त्यानं करदंट (गोकाकची मिठाई) आणायला गेलात तर तो आणखी वेगळाच आकडा, तो आपला विषय नव्हे.

आणखी लांब जायचं असेल, बेळगाव ते दिल्ली असलं काही, तर ही युक्ती पण सोडून द्यायची. पृथ्वी गोल, तिसरी अट तुटली, तिथं गोलावरचं वेगळं सूत्र लागतंय, ते दहावीत नाही. जिल्ह्याएवढ्या अंतराला कोसाइनची युक्ती पुरते.

आम्ही मोजणीत ही अंशांची भानगड ठेवतच नाही. मशीन आकडे मीटरमध्येच देतं, पृथ्वीचा तेवढा पट्टा सपाट कागदावर उलगडून. ७२ ते ७८ अंश रेखांशाचा एक पट्टा, क्रमांक ४३, आपला सगळा बेळगाव जिल्हा त्यात येतो. एका दगडाचे आकडे समजा पूर्वेला ४४६२१०.५० आणि उत्तरेला १७५२३८४.२०, दुसऱ्याचे ४४६२५८.५० आणि १७५२३४८.२०. एवढे लांबलचक आकडे बघून नवीन पोरं घाबरतात, पण फरक काढा, ४८ आणि −३६, अंतर ६० मीटर. तोच सरकवलेला प्लॉट, फक्त लई लांब सरकवलेला. तरी पण सपाट करताना थोडी ओढाताण होतेच, आपल्या भागात जमिनीवरचा एक किलोमीटर त्या आकड्यांत साधारण अर्धा मीटर कमी दिसतो, साठ मीटरला तीन सेंटीमीटर. पाईपलाईन-रस्त्याच्या लांब कामात हे धरावं लागतंय, एका शेताला कुणी धरत नाही.

चढावरची गोष्ट पण सांगून टाकतो, कारण तुम्ही खानापूरच्या, आणि जांबोटीकडं जमीन सपाट कुठं आहे? उतारावर टेप जमिनीला टेकवून धरला तर वाचन जास्त येतं. समजा नकाशावर दोन दगडांचे फरक २४ आणि ३२ मीटर, अंतर ४०. पण एक दगड दुसऱ्यापेक्षा ९ मीटर वर आहे. मग टेप दाखवणार ४१, कारण ४०² + ९² म्हणजे १६८१, त्याचं मूळ ४१. म्हणजे सूत्रात तिसरा फरक आला, उंचीचा, आणि त्याचा पण वर्ग मिळवला, एवढंच, पायथागोरस दोनदा लावला. जमिनीच्या कागदावर जातं ते ४०, आडवं अंतर, म्हणून उतारावर टेप लेव्हलला धरून टप्प्याटप्प्यानं उतरतात. शेजारी म्हणतो माझा बांध ४१ मीटर, कागदावर ४० च, एक मीटर सरकारनं खाल्ला. कुणी खाल्ला नाही, तो चढ आहे.

शेवटी एक, मुलगी पिना टाकायला शिकलीय म्हणून. पुढची मागणी घरातनंच येणार, "आपल्या शेताचे चार कोपरे पण बघ की." बघू दे, मजा म्हणून. पण साध्या मोबाईलची पिन उघड्या रानात सुद्धा तीन-पाच मीटर इकडं-तिकडं असते, आंब्याखाली, काजूच्या बागेत त्याहून जास्त. आणि गुंठा म्हणजे ३३ फूट बाय ३३ फूट, बाजू जेमतेम १० मीटर. दहा मीटरच्या बाजूला दोन्ही टोकांनी पाच-पाच मीटरची चूक म्हणजे उत्तर शून्य पण येऊ शकतं आणि वीस पण. एकरभर रानाचा अंदाज घ्यायला ठीक, बांधावरच्या भांडणाला नाही, तिथं मोजणीचा अर्ज घालायचा आणि शेजाऱ्याला नोटीस जाऊ द्यायची. घर-शाळेच्या पिना मात्र तिला परत घ्यायला सांगा, दोन-तीनदा वेगवेगळ्या वेळी, मोबाईल हातात धरून फाटकात उभं राहून, आणि दर वेळचं उत्तर १००८ च्या किती जवळ येतंय ते वहीत लिहायला सांगा.